सात किलोचा बोका आणि अर्धी गोळी

आज आमच्या मेन कूनची, भीमाची गोष्ट. मागे त्याला ताप आला. मला वाटलं, सात किलोचा गडी आहे, अर्धी पॅरासिटामॉल सहज पचवेल. देणार तेवढ्यात डॉक्टरांना फोन लावला, म्हणून वाचला. मांजर कितीही थोराड असो, त्याच्या यकृताला हे औषध नीट मोडता येत नाही. रक्ताची ऑक्सिजन वाहून नेण्याची ताकदच जाते. तेव्हापासून माझे नियम तीन. माणसाचं किंवा कुत्र्याचं औषध मनाने द्यायचं नाही. डोस आजच्या वजनावर, डॉक्टर सांगतील तेवढाच. गोळीनंतर सिरिंजने गालाच्या बाजूने हळूहळू थोडं पाणी. डॉक्सिसायक्लिनची गोळी कोरडी अडकली तर अन्ननलिकेला जखम होते. आणि चुकून काही दिलंच, तर वाट बघत बसू नका, तडक दवाखाना गाठा!