साठ दिवसांची नोटीस

बँकेची नोटीस आली, की माणूस ती आधी बायकोपासून लपवतो आणि मग स्वतःपासून. बँकेतल्या नोकरीत हे मी पुष्कळ पाहिले. २००२च्या सरफेसी कायद्याने ही लपवाछपवी फार महाग केली. पूर्वी तारणाला हात लावायला बँकेला कोर्टाची पायरी चढावी लागे. आता नोटिशीचे ६० दिवस सरले, की ती ताबा घेऊ शकते. शेतजमीन मात्र वगळली आहे.

दाद मागायची, तर मागणीच्या ७५ टक्के रक्कम आधी भरा, अशी मूळ कायद्यात अट होती. तेवढे पैसे असते, तर बिचाऱ्याचे हप्ते थकले असते कशाला? २००४ साली मार्डिया केमिकल्सच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ही अट रद्द केली. कायदा मात्र राखला. मी बँकवाला, तरी तो निकाल मला न्याय्यच वाटतो.

तेव्हा नोटीस कपाटात ठेवू नका. लेखी हरकत घ्या. ती मान्य नसेल, तर १५ दिवसांत कारणे कळवणे बँकेला बंधनकारक आहे. ताब्याची कारवाई झाली, तर ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो. दिवाणी कोर्टाचे दार इथे बंद आहे. आणि सगळी बाकी भरून घर सोडवायचे, तर लिलावाची ती बारीक अक्षरांतली जाहिरात प्रसिद्ध होण्यापूर्वीच. २०१६च्या दुरुस्तीनंतर तो हक्क तिथे संपतो.