पेन्शनचा भार नेमका कोणावर?

हैदराबादच्या सचिवालयात १९९३ ते १९९८ या काळात दुव्वुरी सुब्बाराव आंध्र प्रदेशचे अर्थसचिव होते. दोन रुपये किलोचा तांदूळ, दारूबंदीने आटलेला महसूल आणि दर महिन्याला चुकवता न येणारे पगार-पेन्शन यांची तोंडमिळवणी त्यांना करावी लागे. पुढे ५ सप्टेंबर २००८ रोजी ते रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर झाले आणि दहाच दिवसांत अमेरिकेची लेहमन ब्रदर्स ही गुंतवणूक बँक बुडाली. राज्याची तिजोरी आणि जागतिक वित्तबाजार या दोन्हींची ओढाताण इतक्या जवळून पाहिलेल्या या अर्थतज्ज्ञाने २०२३ च्या सुरुवातीला सरकारी कर्मचाऱ्यांच्या जुन्या पेन्शनकडे परतणे हे मागे नेणारे पाऊल ठरवले.

जुन्या योजनेत शेवटच्या पगाराच्या निम्मी रक्कम आणि त्यावर महागाई भत्ता मिळतो, पण त्यासाठी निधी कुठेच साठत नाही. आजच्या करातून आजच्या निवृत्तांना पैसे जातात. आयुर्मान वाढते तसा हा भार वाढतो. म्हणून केंद्राने जानेवारी २००४ पासून, आंध्रने त्याच वर्षीच्या सप्टेंबरपासून आणि महाराष्ट्राने नोव्हेंबर २००५ पासून नव्या भरतीसाठी अंशदानाची योजना आणली.

मग मार्च २०२३ मध्ये महाराष्ट्रातले लाखो कर्मचारी ‘एकच मिशन, जुनी पेन्शन’ म्हणत संपावर का गेले? कारण नव्या योजनेत पेन्शन बाजारातल्या गुंतवणुकीवर अवलंबून होती; जोखीम नाहीशी झाली नव्हती, ती सरकारकडून त्यांच्या खात्यात आली होती.

ही भीती खोटी नव्हे. आयएल अँड एफएस ही पायाभूत प्रकल्पांना वित्तपुरवठा करणारी कंपनी २०१८ मध्ये कर्जाचे हप्ते थकवून बसली. समूहाचे कर्ज ९० हजार कोटींच्या वर होते. ‘एएए’ मानांकन पाहून भविष्य निर्वाह निधींनी तिचे रोखे घेतले होते. अंशदानाच्या नव्या योजनेचा, म्हणजे राष्ट्रीय पेन्शन प्रणालीचा (एनपीएस), पैसाही त्यात अडकला.

ठरावीक पेन्शनची हमी देणारे फंडही सुरक्षित असतातच असे नाही. सप्टेंबर २०२२ मध्ये ब्रिटनच्या सरकारी रोख्यांचे भाव कोसळले. उसनवारीवर गुंतवणूक केलेल्या तिथल्या पेन्शन फंडांना तारण भरण्यासाठी रोखेच विकावे लागले आणि भाव आणखी पडले. शेवटी बँक ऑफ इंग्लंडने ६५ अब्ज पौंडांपर्यंतच्या खरेदीची तयारी जाहीर केली.

१ एप्रिल २०२५ पासून केंद्राने एकीकृत पेन्शन योजना सुरू केली. २५ वर्षांच्या सेवेनंतर सरासरी मूळ वेतनाच्या निम्म्याची हमी आणि सोबत अंशदानही, असा हा मध्यममार्ग आहे. कर्मचाऱ्याला आधार आणि निधीला शिस्त, दोन्ही त्यात असल्याने तो जुन्या योजनेपेक्षा बरा. मात्र सुब्बारावांचा खरा आक्षेप त्यानेही सुटत नाही: शेतमजूर, रिक्षाचालक, घरकामगार यांच्यापैकी बहुतेकांना अशी हमीची पेन्शन नाही आणि सरकारी पेन्शनचा कर तेही भरतात.

एनपीएसधारकांनी वर्षातून एकदा तरी आपला पैसा कोणत्या कंपन्यांच्या रोख्यांत आहे ते पाहावे. फंड व्यवस्थापकांना ही यादी जाहीर करावीच लागते.