चार गळे, एक गाणे

(अमेरिकेतील कृष्णवर्णीय गायकांनी केवळ गळ्याच्या बळावर गाण्याची एक नवी रीत घडवली. पुढे 'रिदम अँड ब्लूज' या नावाच्या संगीतातून ती जगभर पोहोचली. त्या संगीताची आणि ते गाणाऱ्या गायकांची ओळख या पाठात करून दिली आहे.)

विद्यार्थी मित्रांनो, तुम्ही शाळेत रोज राष्ट्रगीत म्हणता. त्या वेळी शेकडो मुले एकाच चालीत गातात. कव्वालीतही मुख्य कव्वाल एक ओळ म्हणतो आणि त्याचे साथीदार तीच ओळ त्याच चालीत उचलतात. पण गाण्याची आणखी एक रीत आहे. तिच्यात प्रत्येक गायक एकाच वेळी वेगवेगळा सूर लावतो, तरीही ऐकणाऱ्याला गाणे एकच वाटते.

हे कसे घडते, ते तुम्हीच करून पाहा. दोन मित्रांना बरोबर घ्या. तुम्ही 'सा' लावा, दुसऱ्याने 'ग' लावावा आणि तिसऱ्याने 'प' लावावा. तिघांनीही सूर एकदम धरून ठेवावा. सूर नीट जुळले, तर तीन आवाजांचा मिळून एक भरदार नाद ऐकू येईल. याला स्वरमेळ म्हणतात. स्वरमेळाने गाणाऱ्या चमूत कामाची वाटणी असते. एक जण मुख्य गाणे गातो. एक जण अगदी खालच्या, खर्जाच्या सुरात ठेका धरतो. एक जण टिपेचा सूर लावतो आणि बाकीचे मधली जागा भरून काढतात.

अमेरिकेत या गाण्याचे मूळ गुलामांच्या गीतांत आहे. आफ्रिकेतून पकडून नेलेल्या लोकांना तेथील मळ्यांवर राबवले जात असे. काम करताना आणि प्रार्थनेसाठी जमल्यावर ते गात असत. १८६५ साली अमेरिकेत गुलामगिरी बंद झाली. त्यानंतर गुलामांच्या मुलांसाठी शाळा निघाल्या. टेनेसी राज्यातील नॅशव्हिल शहरात फिस्क नावाची अशीच एक संस्था होती. १८७१ साली ती पैशांअभावी बंद पडण्याच्या बेतात आली. तेव्हा संस्थेचे खजिनदार आणि संगीतशिक्षक जॉर्ज व्हाइट नऊ विद्यार्थ्यांना घेऊन गाण्याच्या दौऱ्यावर निघाले. या मुलामुलींपैकी बहुतेकांचा जन्म गुलामगिरीत झाला होता.

वाटेत त्यांना अनेक हॉटेलांनी खोली नाकारली. सुरुवातीला पैसेही फारसे मिळेनात. त्याच सुमारास शिकागो शहरात मोठी आग लागली. तेव्हा या गरीब विद्यार्थ्यांनी हाती आलेली रक्कम आगग्रस्तांना देऊन टाकली. पुढे ते आपल्या आईवडिलांची जुनी गीते स्वरमेळात गाऊ लागले आणि श्रोत्यांची मने हेलावली. 'फिस्क ज्युबिली सिंगर्स' हे त्यांचे नाव सर्वत्र झाले. १८७३ साली इंग्लंडमध्ये राणी व्हिक्टोरियाने त्यांचे गाणे ऐकले. गाण्यातून मिळालेल्या पैशांवर संस्था तर वाचलीच, शिवाय 'ज्युबिली हॉल' ही भव्य इमारत उभी राहिली. ती आजही तेथे आहे आणि या चमूची परंपराही चालू आहे.

स्वरमेळाने गाण्याची दुसरी शाळा म्हणजे न्हाव्याचे दुकान! कृष्णवर्णीय वस्तीतील पुरुष तेथे जमत. आपली पाळी येईपर्यंत चौघे मिळून गात. ओहायो राज्यातील पिक्वा गावात मिल्स नावाचे चार भाऊ होते. त्यांच्या वडिलांचे केशकर्तनाचे दुकान होते. हे भाऊ तोंडानेच तुतारी आणि इतर वाद्यांचे हुबेहूब आवाज काढत. १९३० नंतर रेडिओवरून आणि ध्वनिमुद्रिकांतून त्यांचे गाणे देशभर गेले. ऐकणाऱ्यांचा विश्वास बसत नसे. म्हणून त्यांच्या ध्वनिमुद्रिकेवर खुलासा छापावा लागे, की यात एका गिटारखेरीज कोणतेही वाद्य नाही!

विसाव्या शतकात लाखो कृष्णवर्णीय लोक दक्षिणेतील शेती सोडून न्यूयॉर्क, शिकागो, डेट्रॉइट, लॉस एंजेलिस अशा शहरांत आले. कारखान्यांत काम मिळेल आणि छळ थांबेल, ही त्यांची आशा होती. त्यांच्याबरोबर त्यांची गाणीही शहरात आली. मळ्यावरच्या दुःखाच्या गाण्यांना 'ब्लूज' म्हणत. शहरात त्यांना जोरकस ठेक्याची साथ मिळाली.

या गाण्यांच्या तबकड्या खूप खपत. पण त्या वेळी बाजारात त्यांना 'रेस रेकॉर्ड्स' म्हणत. 'रेस' म्हणजे वंश. गाणे कसे आहे यापेक्षा गाणारा कोणत्या वंशाचा आहे, यावरून त्याची जागा ठरे. 'बिलबोर्ड' हे त्या वेळी अमेरिकेतील संगीत व्यवसायाचे साप्ताहिक होते. जून १९४९ मध्ये त्याने हे नाव बदलून 'रिदम अँड ब्लूज' असे नाव दिले. जेरी वेक्सलर या तरुण पत्रकाराने ते सुचवले होते. 'रिदम' म्हणजे ठेका. माणसाच्या रंगावरून पडलेले नाव गेले आणि संगीताच्या गुणावरून नवे नाव आले.

याच काळात शहरांच्या कोपऱ्याकोपऱ्यांवर मुलांचे चमू गाऊ लागले. वाद्ये घ्यायला त्यांच्याजवळ पैसे नव्हते. मग वाद्यांचे काम ते गळ्याकडून करून घेत. आपल्याकडे तबलजी तबल्याचे बोल तोंडाने म्हणून दाखवतो ना? तसेच हे गायक अर्थ नसलेले बोल म्हणून ठेका धरत. अशाच बोलांवरून या गाण्याला पुढे 'डू-वॉप' असे नाव पडले. गाण्यासाठी ते जिने, शाळेतील लांब वऱ्हांडे, भुयारी रेल्वेची स्थानके अशा जागा शोधत, कारण तेथे आवाज छान घुमतो. अनेक चमूंनी पक्ष्यांची नावे घेतली. ओरिओल्स, फ्लेमिंगोज, पेंग्विन्स ही त्यांतील काही. पेंग्विन्सचे १९५४ सालचे 'अर्थ एंजल' हे गाजलेले गीत तर लॉस एंजेलिसमधील एका घराच्या गॅरेजमध्ये ध्वनिमुद्रित झाले होते.

परंतु कीर्ती आली, तरी न्याय आलाच असे नाही. १९५४ साली न्यूयॉर्कच्या कॉर्ड्स या चमूचे 'शबूम' हे गाणे लोकांना आवडू लागले. लगेच क्रू कट्स नावाच्या गोऱ्या चमूने तेच गाणे गाऊन बाजारात आणले आणि ते पहिल्या क्रमांकावर पोहोचले. गोऱ्या श्रोत्यांची अनेक रेडिओ केंद्रे कृष्णवर्णीयांच्या तबकड्या वाजवत नसत. शिवाय कायद्याने गाण्याच्या शब्दांवर आणि चालीवर हक्क मिळे. गाण्याच्या ढंगावर मिळत नसे. म्हणून एकाने शोधलेला ढंग दुसऱ्याने उचलला, तरी पहिल्याला काही मिळत नसे. काही सभागृहांत तर मध्ये दोर बांधून गोऱ्या आणि कृष्णवर्णीय श्रोत्यांना वेगळे बसवत.

फ्रँकी लिमन या मुलाची हकिकत ऐका. न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीत वाढलेल्या फ्रँकीचे गाणे १९५६ साली निघाले, तेव्हा तो अवघा १३ वर्षांचा होता. त्याच्या चमूचे नाव 'टीनएजर्स'. त्यात तीन कृष्णवर्णीय मुले होती आणि दोन मुलांची कुटुंबे मूळची पोर्तो रिको बेटावरची होती. त्यांचे पहिलेच गाणे अमेरिकेत गाजले आणि इंग्लंडमध्ये पहिल्या क्रमांकावर गेले. पण कीर्ती जशी झटकन आली, तशीच ओसरली. फ्रँकी मादक पदार्थांच्या आहारी गेला आणि १९६८ साली, वयाच्या २५ व्या वर्षी मरण पावला.

ते गाणे लिहिल्याचे श्रेय कोणाचे, हा प्रश्न मात्र मिटला नाही. टीनएजर्समधील जिमी मर्चंट आणि हर्मन सँटियागो न्यायालयात गेले. १९९२ साली निकाल त्यांच्या बाजूने लागला. पण १९९६ साली वरच्या न्यायालयाने तो फिरवला. का? कायद्याप्रमाणे दावा तीन वर्षांच्या आत लावायला हवा होता, तो फार उशिरा लावला, म्हणून! शाळकरी वयात त्यांना हा कायदा कोण समजावून सांगणार होते?

कलावंतांच्या हाती कारभारही असावा लागतो. हे डेट्रॉइटच्या बेरी गॉर्डी यांनी ओळखले. मोटारींच्या कारखान्यात काम केलेल्या या कृष्णवर्णीय तरुणाने १९५९ साली कुटुंबाकडून ८०० डॉलर उसने घेतले आणि ध्वनिमुद्रण कंपनी काढली. मोटारींच्या शहरावरून तिचे नाव 'मोटाउन' पडले. एका साध्या घरात तिचे काम चाले. टेम्प्टेशन्स, फोर टॉप्स, सुप्रीम्स हे चमू येथूनच पुढे आले. सुप्रीम्स या मुलींच्या चमूची १२ गाणी १९६४ ते १९६९ या काळात अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेली. फोर टॉप्सचे चौघे तर चाळीस वर्षांहून अधिक काळ एकत्र गात राहिले. मृत्यूनेच त्यांची ताटातूट केली. मोटाउनचे ते घर आता संग्रहालय झाले आहे.

मित्रांनो, स्वरमेळात गाणाऱ्याला दोन गोष्टी एकदम कराव्या लागतात. आपला सूर सोडायचा नाही आणि शेजाऱ्याचा सूर ऐकत राहायचे. कोणी फार मोठ्याने गायला, तर मेळ बिघडतो. कोणी गप्प बसला, तरीही बिघडतो. ज्यांना समाजाने वेगळे बसवले, त्यांनीच वेगवेगळे सूर एकत्र कसे नांदतात, हे जगाला ऐकवले. पुढच्या वेळी एखादे गाणे आवडले, तर ते कोणी रचले आणि मागे कोण कोण गाते आहे, हेही विचारा. त्यांच्या कष्टांची तेवढी दखल आपण घ्यायलाच हवी.

स्वाध्याय

प्र. १. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) फिस्कचे विद्यार्थी गाण्याच्या दौऱ्यावर का निघाले?
(आ) मिल्स बंधूंच्या ध्वनिमुद्रिकेवर कोणता खुलासा छापलेला असे?

प्र. २. कारणे सांगा.
(अ) मुलांचे चमू जिन्यात आणि रेल्वेस्थानकात गात.
(आ) मर्चंट आणि सँटियागो यांच्या बाजूचा निकाल फिरला.

प्र. ३. 'रेस रेकॉर्ड्स' हे नाव बदलणे का गरजेचे होते? पाच-सहा वाक्यांत लिहा.

प्र. ४. वाक्यात उपयोग करा : मने हेलावणे, आहारी जाणे, दखल घेणे.