अवकाशकालाचे पहारेकरी

विश्वाची घडी विस्कटूं नये म्हणून कोठें तरी कोणी अहोरात्र पहारा करीत बसलें आहे, ही कल्पना कथाकारांस फार प्रिय असते. आयझॅक असिमॉव्ह या अमेरिकन ग्रंथकाराची ‘द एंड ऑफ इटर्निटी’ ही कादंबरी १९५५ सालीं प्रसिद्ध झाली. तींत काळाच्या प्रवाहाबाहेर राहणारी एक संस्था वर्णिली आहे. तिचे गणिती शतकामागून शतक तपासतात आणि जेथें अनर्थ दिसेल तेथें एखादा क्षुल्लक बदल घडवून इतिहासाचा ओघ वळवितात. मनुष्यास कोणतेंही संकट शिवूं नये, हा त्यांचा हेतु. परिणाम मात्र विपरीत होतो. प्रत्येक धोका टाळतां टाळतां मानवजातीचें साहस आटतें, ताऱ्यांपर्यंत पोंचण्याची संधि ती गमावून बसते, आणि शेवटीं ती संस्थाच नाहींशी होते.

ही झाली कल्पनासृष्टि. खऱ्या सृष्टींत अवकाश आणि काळ यांची घडी कितपत पक्की आहे, आणि ती मोजतां येते काय, हा प्रश्न विचार करण्याजोगा आहे.

अवकाश व काळ हे एकाच वस्त्राचे उभे-आडवे धागे असून जड पदार्थाच्या योगानें तें वस्त्र वांकतें, असा सिद्धांत आल्बर्ट आइन्स्टाइन यांनीं १९१५ सालीं मांडला. नवारीच्या खाटेवर धष्टपुष्ट मनुष्य बसला म्हणजे नवार खोल जाते व शेजारची गोटी त्याच्याकडे घरंगळते. पृथ्वी सूर्यास धरून राहते तीही कांहींशी याच न्यायानें. खाटेवरील मनुष्य चुळबुळ करूं लागला तर हादरे पायथ्यापर्यंत जातात. त्याचप्रमाणें प्रचंड गोल एकमेकांभोंवतीं फिरूं लागल्यास अवकाशकालांत लहरी उठाव्या, असें आइन्स्टाइन यांनीं १९१६ सालीं दाखविलें. परंतु हें वस्त्र इतकें ताठर आहे कीं, सूर्याहून कित्येक पट जड गोलांची टक्कर झाली तरी आपल्यापर्यंत येणारा कंप नाममात्र उरतो.

तो मोजण्यासाठीं अमेरिकेंत हॅनफर्ड व लिव्हिंग्स्टन येथें ‘लायगो’ नांवाचीं दोन यंत्रें आहेत. प्रत्येकांत ४ किलोमीटर लांबीच्या दोन निर्वात नळ्या काटकोनांत जोडल्या आहेत. लेसरचा एक किरण दुभागून दोहोंत सोडतात. टोकांच्या आरशांवरून परतून ते दोन्ही भाग पुन्हां एकत्र येतात. लहर आली म्हणजे एका नळींतील अंतर किंचित् वाढतें, दुसरींतील घटतें, आणि किरणांची जुळणी बदलते. हा फरक प्रोटॉनच्या व्यासाच्या शतांशाहूनही लहान असतो! म्हणून ४० किलो वजनाचे आरसे बारीक काचतंतूंनीं टांगलेले आहेत. तरीही रस्त्यावरील वाहन, दूरचा भूकंप, समुद्राच्या लाटा, हें सर्व यंत्रास जाणवतेंच. यासाठीं दोन्ही यंत्रें सुमारें ३,००० किलोमीटर अंतरावर ठेविलीं आहेत. जो कंप दोहोंकडे जवळजवळ एकदम उमटेल, तोच विचारांत घ्यावयाचा.

यंत्राची स्थिरता अशी राखतां येते. पण मोजणाऱ्याच्या मनाची कशी राखावी? १९६९ सालीं जोसेफ वेबर यांनीं या लहरी सांपडल्याचें जाहीर केलें होतें. परंतु इतरांच्या यंत्रांत त्या आढळल्या नाहींत. पुढें लायगोच्या मंडळीनें एक विलक्षण शिस्त स्वीकारली. यंत्रांत मधूनच गुप्तपणें बनावट कंप घालावयाचा, व तो केव्हां घातला हें मोजक्या जणांखेरीज कोणास कळूं द्यावयाचें नाहीं. १६ सप्टेंबर २०१० रोजीं एक सुरेख कंप नोंदला गेला. शेंकडों शास्त्रज्ञांनीं महिनोन् महिने तो पारखला, प्रसिद्धीसाठीं निबंधही सिद्ध केला. १४ मार्च २०११ रोजीं सर्वांसमक्ष गुपित उघडण्यांत आलें. कंप बनावट होता. निबंध बाजूस ठेवण्यांत आला, व मंडळी पुन्हां कामास लागली.

१४ सप्टेंबर २०१५ रोजीं लिव्हिंग्स्टन येथें, आणि सुमारें ७ सहस्रांश सेकंदांनीं हॅनफर्ड येथें, पुन्हां कंप उमटला. तो आपणच घातलेला नाहीं याची प्रथम खात्री करून घेण्यांत आली. सुमारें १३० कोटी प्रकाशवर्षें दूर दोन कृष्णविवरें एकरूप झाल्याची ती खूण होती. तरीही ११ फेब्रुवारी २०१६ पर्यंत तपासणी करूनच ही वार्ता जगास सांगण्यांत आली. असा क्षीण स्वर गोंगाटांतून वेंचून काढण्याच्या गणिती रीतींत पुण्याच्या ‘आयुका’ संस्थेंतील संजीव धुरंधर यांचा मोठा वाटा आहे. हिंगोली जिल्ह्यांत औंढा नागनाथजवळ असेंच यंत्र उभारण्यास भारत सरकारनें २०२३ सालीं मंजुरी दिली आहे.

अवकाशकालास मनुष्याच्या पहाऱ्याची गरज नाहीं. ज्यानें त्याचा पाया घातला तो त्यास सांभाळण्यास समर्थ आहे. आपल्याकडे पहाऱ्यास दिली आहे ती आपली नोंदवही. विद्यार्थिमित्रांनो, प्रयोगशाळेंत लंबकाचे झोके मोजतांना उत्तर पुस्तकाशीं जुळलें नाहीं, तर आंकडा हळूच बदलण्याचा मोह होतो. तो आंकडा जसा आला तसाच लिहा, आणि पुन्हां मोजा. पालकांनींही मुलांस ‘किती गुण मिळाले?’ असें विचारण्यापूर्वीं ‘आज काय मोजलेंस?’ असें विचारावें. उद्यां औंढ्याच्या यंत्रापाशीं बसणारीं मुलें कदाचित् आज आपल्याच वर्गांत असतील. त्यांचा हात खऱ्या आंकड्यास आतांपासूनच सरावला पाहिजे.