चौंडकं आणि व्हायोलिन

अजय-अतुल म्हटलं की आज आधी ‘सैराट’मधलं ‘झिंगाट’ आठवतं. त्यांच्या वाटचालीतलं खरं वळण मला मात्र ‘जोगवा’त दिसतं, आणि ते नाशिकच्या राजीव पाटील यांच्या चित्रपटात आलं.

अजय-अतुल या गोगावले बंधूंशी पाटलांचं जुळलं ते २००४च्या ‘सावरखेड : एक गाव’पासून. त्यातलं ‘वाऱ्यावरती गंध पसरला’ अजूनही कानावर येतं. पण ते हळुवार प्रेमगीत, तेवढंच. त्याच साली केदार शिंदे यांच्या ‘अगं बाई अरेच्चा!’मध्ये, त्यांचे आजोबा शाहीर साबळे यांनी घराघरांत नेलेली ‘मल्हारवारी’ नव्या ठेक्यात आली. वाजली दणक्यात. कथेला तिची कितपत गरज होती, हे मात्र कुणी विचारलं नाही.

‘जोगवा’त (२००९) ती गरज होती. राजन गवस यांच्या ‘चौंडकं’ आणि ‘भंडारभोग’ या कादंबऱ्या नि चारुता सागर यांची ‘दर्शन’ ही कथा, यांवर हा चित्रपट उभा आहे. यल्लम्माला सोडलेले जोगते-जोगतिणी. ‘लल्लाटी भंडार’चा कल्लोळ ऐकताना आपले पाय थरथरतात खरे, पण पडद्यावर तोच ठेका दोन जिवांना जखडून ठेवतो. त्या दोघांना स्वतःचं काही बोलायचं असतं तेव्हा ‘जीव रंगला’ येतं. गजर मागे सरतो, हरिहरन आणि श्रेया घोषाल यांचे आवाज पुढे येतात. चौंडक्यासारखी लोकवाद्यं देवीची आणि गावाची, मोकळी चाल त्या दोघांची! संगीतकार आणि दोन्ही गायक, सगळ्यांनाच राष्ट्रीय पुरस्कार मिळाले.

‘नटरंग’मध्ये (२०१०) तमाशाच्या फडाचीच गोष्ट असल्यामुळे ढोलकी आपसूक घरची झाली. ‘सैराट’साठी (२०१६) त्यांनी हॉलिवूडमध्ये सिंफनी ऑर्केस्ट्रा ध्वनिमुद्रित केला. एवढी व्हायोलिनं एरवी राजपुत्रांच्या वाट्याला यायची. इथे ती करमाळ्याकडच्या पोरापोरीच्या प्रेमाला मिळाली. हे मला ‘झिंगाट’पेक्षा धाडसाचं वाटतं.

कथेशी नातं नसताना वाद्य आणलं की काय होतं, ते आर्मेनियाच्या दुदुकमध्ये दिसतं. जर्दाळूच्या लाकडाचं ते सुषिर वाद्य जिवान गास्पारियान यांनी ‘ग्लॅडिएटर’मध्ये (२०००) वाजवलं, आणि मग कुठल्याही देशाच्या, कुठल्याही दुःखाला दुदुक लागू लागलं. त्यातल्या रोमन सेनापतीचं आर्मेनियाशी नातं काय, हे विचारायला कुणाला सवड होती? आपला नाशिक ढोलही असाच केरळच्या उत्सवांत जाऊन बसलाय. त्यात वाईट काही नाही, वाजवणाऱ्यांना सुपारी मिळते. पण चित्रपटात ढोल निव्वळ जोश भरायला आणला की तो कुणाचा, कुठल्या मिरवणुकीतला, काही कळत नाही. अजय-अतुल यांच्याच ‘जत्रा’तल्या ‘कोंबडी पळाली’ची ‘अग्निपथ’मध्ये (२०१२) ‘चिकनी चमेली’ झाली तेव्हा ठेका तोच राहिला, जत्रा तेवढी गेली.

२०२३मध्ये केदार शिंदे यांनी ‘महाराष्ट्र शाहीर’ केला, संगीत पुन्हा अजय-अतुल यांचंच. या खेपेला शाहीर साबळेच कथेचे नायक होते, त्यामुळे डफाला पडद्यावर येण्यासाठी वेगळं निमित्त शोधावं लागलं नाही.