एकच माणूस, कितीतरी वयं : दिलीप प्रभावळकर



मध्यंतरी चौथीच्या वर्गात मी मोबाईलवर तीन फोटो दाखवले. पहिल्याला पोरं ओरडली, "तात्या विंचू!" दुसऱ्याला, "गांधीजी!" तिसऱ्याला एक मुलगी म्हणाली, "बाई, हा 'दशावतार'मधला बाबुली." हे तिघेही एकच, असं सांगितल्यावर कोणाचा विश्वासच बसेना. मग त्या दिवशी गणिताचा तास इथेच घेतला.

प्रभावळकरांची जन्मतारीख फळ्यावर लिहिली, 4 ऑगस्ट 1944. आता काढा बघू वयं. 'झपाटलेला' 1993 चा, म्हणजे तेव्हा ते अठ्ठेचाळीस-एकोणपन्नास. (बाहुला रामदास पाध्ये यांचा, हेही सांगावं लागतं, मुलांना बाहुलाच खरा तात्या विंचू वाटतो.) 'लगे रहो मुन्नाभाई' सप्टेंबर 2006 चा, वय 62. त्या वर्षीचा सहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला. 'दशावतार' सप्टेंबर 2025 चा, वय 81! हातच्याची वजाबाकी न चुकता झाली, हे माझ्यासाठी विशेष.

आपल्या आई-वडिलांच्या पिढीला ते आठवतात ते चिमणराव म्हणून. चिं. वि. जोशींचा हा मानसपुत्र मुंबई दूरदर्शनवर आला, तेव्हा गुंड्याभाऊ झाले होते बाळ कर्वे. टीव्ही असलेल्या एका घरात अख्खी वाडी जमायची, असं माझी आई सांगते. आपल्या पिढीचे ते 'श्रीयुत गंगाधर टिपरे' मधले आबा. मालिका 2001 ची, 'अनुदिनी' या त्यांच्याच लेखनावर आधारलेली. म्हणजे साठीही न गाठलेला माणूस घराघरातला आजोबा झाला होता.

नाटकात तर याहून कमाल. 'हसवाफसवी' त्यांनीच लिहिलं आणि त्यात सहा भूमिका एकट्याने केल्या. त्यातले कृष्णराव हेरंबकर हे म्हातारे संगीत नट. एका प्रवेशातून दुसऱ्या प्रवेशात जाताना कपडे, रंगभूषा तर बदलायचीच, पण आवाज, चालणं, मान वळवणंही बदलायचं. नुसती मिशी लावून माणूस बदलत नाही.

इथे मला माझी एक चूक सांगायची आहे. माझ्या वर्गात एक मुलगा नकला करायचा. किराणा दुकानदार, एसटीचा कंडक्टर आणि मीसुद्धा. मी त्याला दोनदा उभं करून ओरडले, त्याच्या आईला बोलावून तक्रारही केली. तो गप्प झाला, आणि पुढे प्रकट वाचनातही गप्पच राहिला. या सहा भूमिकांबद्दल वर्गात बोलताना माझं मलाच कसंतरी झालं. दुसऱ्या दिवशी त्याला म्हटलं, "कंडक्टर काका तिकीट कसं मागतात रे?" तो बराच वेळ पायाच्या अंगठ्याने जमीन उकरत राहिला. मग हळूच म्हणाला, "बाई, ओरडणार नाय ना?"

पालकहो, 'चौकट राजा' (1991) मात्र मुलांसोबत बसून बघा. त्यातला नंदू शरीराने मोठा, बुद्धीने लहान. प्रभावळकर त्याला हास्यास्पद होऊ देत नाहीत. तरी मुलं पहिल्यांदा हसतील, हसू द्या. पुढे काही वेळाने हसू आपोआप थांबतं. तेव्हा लगेच काही समजावू नका. आपल्या वाडीत, शाळेत असं कोणी आहे का, हे ती स्वतःच बोलू लागतात. माझ्या वर्गात एकीने आपल्या मामाबद्दल सांगितलं. त्याआधी ती कधीच बोलली नव्हती.

आणि हा नट मुलांसाठी लिहितोही, हे विसरू नका. 'बोक्या सातबंडे'ची पुस्तकं शाळेच्या वाचनपेटीत असतील तर बाहेर काढा. बोक्या खोडकर आहे, पण खोड्या करता करता कोणाच्या तरी मदतीला धावतो. प्रकट वाचनाला यासारखं पुस्तक नाही. संवाद भरपूर, म्हणून एकेक पात्र एकेका मुलाला देता येतं.

आमच्याकडे सध्या शनिवारी शेवटच्या तासाला बोक्या चालू आहे. बोक्याचे संवाद कोण वाचतं, ते तुम्ही ओळखलंच असेल. आजी-आजोबांचे आवाजही तोच काढतो, त्यावरून बाकीच्यांची भांडणं होतात.