चौकटीबाहेर (भाग ९) : पुसायचं ठरवूनच काढलेलं चित्र

चित्र विकत घेतलं की घरी न्यायचं आणि भिंतीवर टांगायचं, असा आपला साधा हिशेब. चित्रकर्ती नलिनी मलानी यांनी १९९२ साली तो मुंबईतच मोडला. तेव्हा गॅलरी केमोल्ड जहांगीर कलादालनाच्या पहिल्या मजल्यावर होती. तिथल्या भिंतींवरच त्यांनी थेट चित्रं काढली आणि प्रदर्शन संपताच त्यांवर पांढरा रंग फिरवला गेला. नाथद्वाऱ्याची भित्तिचित्रं डोळ्यांदेखत नष्ट होत होती, त्याची खंत या ‘सिटी ऑफ डिझायर्स’मागे होती. विकायला काहीच उरलं नाही!

मलानींचा जन्म १९४६चा, कराचीतला. फाळणीनं कुटुंबाला भारतात आणलं. १९६४ ते ६९ त्या मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात शिकल्या. त्याच काळात भुलाभाई इन्स्टिट्यूटमध्ये त्यांना स्टुडिओ मिळाला. तिथे चित्रकार, नाटकवाले आणि गाणारे-वाजवणारे एकाच छपराखाली असत. पुढे चित्रकार अकबर पदमसींनी १९६९मध्ये सुरू केलेल्या कार्यशाळेत त्यांच्या हाती कॅमेरा आला. त्यामुळे ‘चित्रकर्ती व्हिडिओकडे वळली’ हे नेहमीचं वाक्य मला पटत नाही. दोन्हींचा अभ्यास जवळपास बरोबरीनंच चालला होता. १९९३मध्ये अभिनेत्री अलकनंदा समर्थ यांच्यासोबत मॅक्समुल्लर भवनात ‘मेडियाप्रोजेक्ट’ हा नाट्यप्रयोग झाला, तेव्हा त्यांच्या चित्रात जिवंत नटीही आली.

पण त्यांची खरी करामत आहे ती सावल्यांची. पारदर्शक प्लास्टिकच्या मोठ्या नळकांड्यांवर आतल्या बाजूनं चित्रं रंगवायची. असं उलटं रंगवण्याची रीत त्या चित्रकार भूपेन खक्करांकडून शिकल्या. यात क्रमही उलटा असतो: डोळ्यातला ठिपका आधी, चेहरा नंतर, पार्श्वभूमी सगळ्यांत शेवटी. चूक झाली तर वरून रंग मारून झाकता येत नाही. मग ही नळकांडी छताला टांगतात आणि मोटरवर सावकाश फिरवतात. प्रोजेक्टरचा झोत त्यांतून आरपार जातो. भिंतीवर व्हिडिओ चालू असतो आणि त्यावरून रंगीत सावल्या सरकत राहतात. बाई, जनावर, बंदूक एकमेकांत मिसळतात, सुटतात. २००१चं ‘ट्रान्सग्रेशन्स’ असं आहे. पिंगुळीच्या ठाकरांचा चामड्याच्या बाहुल्यांचा खेळ पाहिलेल्याला पडद्यावरच्या सावलीची ही जादू ओळखीची वाटेल. फरक इतकाच, की इथे प्रेक्षक पडद्यासमोर बसत नाही, झोतातून चालत जातो. मांडणशिल्प म्हणजे काय, हे सांगायला मला याहून सोपं उदाहरण सापडलेलं नाही.

पोखरणच्या अणुचाचण्यांनंतर, १९९८मध्ये, त्यांनी मंटोच्या फाळणीवरच्या कथेवरून ‘रिमेम्बरिंग टोबा टेक सिंग’ केलं. बारा पत्र्याच्या ट्रंका, प्रत्येकीत एक मॉनिटर. समोरासमोरच्या भिंतींवर दोन बायका, एकच साडी घडी करू पाहणाऱ्या. मधे अख्खी खोली. ती घडी काही पडत नाही. फाळणीवर याहून नेमकं दृश्य मराठी वा हिंदी पडद्यावरही मी पाहिलेलं नाही. १९९९मध्ये हे काम मुंबईच्या प्रिन्स ऑफ वेल्स संग्रहालयात मांडलं गेलं. एरवी गॅलरीची पायरी न चढणाऱ्या माणसांची तिथे वर्दळ असते, हे महत्त्वाचं.

२०२३मध्ये मलानींना क्योतो पारितोषिक मिळालं. त्यांचं काम कुठे मांडलेलं दिसलं, तर दारातून डोकावून परत फिरू नका. सरळ आत जा आणि आपलीही सावली पडू द्या.